खरवडीची भाजी

मार्गशीर्ष लागला की बारामतीच्या मंडईत फ्लॉवरचे गड्डे रस्त्यापर्यंत येतात. मटारची पोती तोंडं उघडी टाकून बसलेली असतात, गाजरांना अजून ओली माती चिकटलेली असते, आणि सकाळच्या गारठ्यात त्या सगळ्याला एक हिरवा, थंड वास असतो. मी गड्डा उचलतो, उलटा करतो, देठाशी काळं नाही ना ते बघतो, हातातच वजनाचा अंदाज घेतो. अंदाज बहुतेक बरोबर येतो. मग पुढच्या ढिगापाशी माझे पाय आपोआप थांबतात. तिथं वांगी असतात. जांभळी, चकचकीत, देठाला काटे असलेली.

"घ्या की सायेब, भरताची हायती," भाजीवाली म्हणते.

"सट झाली की घेतो."

"तुमच्यात बी पाळत्यात व्हय?"

"आमच्यात नाही. सासरी पाळतात."

यावर ती शेजारणीकडं बघून हसते. "आगं ऐक, ह्ये जावई सासरचं पाळत्यात!"

हसू दे. सट म्हणजे मार्गशीर्षातली चंपाषष्ठी. ज्यांच्या घरात खंडोबा आहे ती माणसं आषाढापासून वांगं बंद करतात आणि सटीला देवाला भरीत-भाकरीचा नैवेद्य दाखवून मगच तोंडात घालतात. आमच्या घरात देवी आहे, आम्हाला बारा महिने वांगं चालतं. माझी बायको सुनंदा खंडोबाच्या घरातली. लग्न होऊन ती माझ्याकडं आली आणि तिचं कुलदैवतही बदललं. कुणी तिला विचारलं नाही, तिनंही तक्रार केली नाही. पहिल्याच श्रावणात तिच्या ताटात माझ्या आईनं भरलं वांगं वाढलं आणि तिनं ते खाल्लं. एवढ्या साध्या गोष्टीकडं मी इतकी वर्षं कधी लक्ष दिलं नव्हतं. तीन वर्षांपूर्वीच्या मार्गशीर्षात द्यावं लागलं.

मी एका दूध डेअरीच्या प्रयोगशाळेत काम करतो. दिवसभर नमुने येतात. फॅट किती, पाणी किती, साखर घातली आहे का, युरिया आहे का, हे बघायचं आणि आकडा लिहायचा. सवय अशी लागली आहे की घरी चहाच्या दुधाकडंही मी जरा रोखून बघतो. स्वयंपाकाचा आणि माझा संबंध आला तो ओव्हनमुळे. मुलीला केकचं वेड होतं म्हणून छोटा ओव्हन घेतला. मुलगी शिकायला पुण्याला गेली आणि जळोचीच्या घरात तो ओव्हन माझ्या वाट्याला आला. मला तो आवडला, कारण त्याला अंश आहेत. फोडणीत मोहरी 'तडतडली की' जिरं घाला, असं सांगितलेलं मला कळत नाही. दोनशे अंश म्हटलं की कळतं.

त्या ओव्हनमध्ये मी एकच पदार्थ नीट शिकलो. पांढऱ्या सॉसमध्ये घोळवून भाजलेल्या भाज्या. लोणी पन्नास ग्रॅम, मैदा पन्नास ग्रॅम. मंद आचेवर मैदा लोण्यात परतायचा, त्याचा कच्चा वास जाऊन बिस्किटासारखा वास आला की कोमट दूध थोडं थोडं घालायचं, अर्धा लिटर. ढवळणं थांबवायचं नाही. थांबवलं की गुठळ्या. फ्लॉवर, गाजर, मटार, बटाटा अर्धवट वाफवलेले. मिरपूड, मीठ. काचेच्या भांड्यात हे सगळं ओतायचं, वर किसलेलं चीज, टोस्टचा चुरा, आणि भांडं आत. मग काचेतून बघत बसायचं. आधी काही होत नाही. नंतर कडेला एक बुडबुडा येतो, मग दुसरा, आणि पृष्ठभागावर हळूहळू रंग चढतो. सुनंदा म्हणते, "भाजी करताय की नमुना तपासताय?" मी म्हणतो, दोन्ही.

जेवण म्हणून ही भाजी पुरत नाही. ती तोंडीलावण्यासारखी, बाजूला वाढायची. भात असो, भाकरी असो, ताटाच्या कडेला दोन चमचे.

सुनंदाचे वडील, आम्ही सगळे त्यांना तात्या म्हणतो, एका जानेवारीत नातीच्या वाढदिवसाला जळोचीला आले होते. इंदापूरच्या रस्त्याला, कालव्याच्या अलीकडं त्यांची वस्ती आहे. ऊस, चार म्हशी, थोडा भाजीपाला. बारामतीत मुक्काम करायला ते तयार नसतात, कारण इथं सकाळी दूध पिशवीतून येतं. त्या दिवशी त्यांच्या ताटात मी ही भाजी वाढली. त्यांनी चमच्यानं वरचा पापुद्रा उचलला, वास घेतला.

"ह्येला काय म्हनायचं?"

नातीनं इंग्रजी नाव सांगितलं. तात्यांनी ते दोनदा म्हणून बघितलं, जिभेवर बसलं नाही.

"खरवडीची भाजी म्हना की," ते म्हणाले. दूध आटवलं की भांड्याच्या कडेला जे खरपूस चिकटून राहतं ती खरवड. लहानपणी त्यांच्या घरात तिच्यावरून भावाभावांची मारामारी व्हायची. त्या दिवशी त्यांनी काचेचं भांडं पुढ्यात ओढून कडा चमच्यानं खरवडून काढल्या. सुनंदा म्हणाली, "तात्या, काच आहे, जपून." तात्या म्हणाले, "पाव्हण्यांनी एवढा आटापिटा करून केलीया, भांड्याला काय ठिवायचं?" तेव्हापासून आमच्याकडं त्या पदार्थाचं नाव तेच.

तीन वर्षांपूर्वी दिवाळीच्या सुमाराला तात्या गोठ्यात घसरले. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन नीट झालं, टाके नीट भरले. घरी आले आणि जेवायचे थांबले.

आधी सगळ्यांना वाटलं, औषधांनी तोंडाची चव गेली असेल. मग वाटलं, दात नाहीत, चावत नसेल. माझा मेहुणा दत्ता आणि त्याची बायको वैशाली यांनी काय काय करून बघितलं. ज्वारीची पेज, मऊ खिचडी, मुगाचं कढण. तात्या ताट बघायचे, चमचा उचलायचे, एक घास घ्यायचे आणि ताट सरकवायचे. रागावणं नाही, आरडाओरडा नाही. नुसतं सरकवणं. सदरा खांद्यावरून लोंबायला लागला. मनगटावरचं घड्याळ कोपरापर्यंत जायला लागलं, मग त्यांनी ते काढूनच ठेवलं.

डॉक्टरांनी वजन केलं, मागचा आकडा काढला आणि दोन्ही शेजारी शेजारी लिहिले. मग दत्ताला बाहेर बोलावून सांगितलं की पुढच्या तपासणीला आणखी उतरलं तर नाकातून नळी घालावी लागेल. या वयात माणूस एकदा नळीवर गेला की परत जेवायला लागेलच असं सांगता येत नाही. दत्तानं मला फोनवर हे शब्द जसेच्या तसे सांगितले. मग म्हणाला, "दाजी, तुमी एकदा या. तुमचं ऐकत्यात ते." माझं कुणी ऐकतं असा माझा अनुभव नाही. तरी गेलो.

त्या दिवसांत तो रस्ता उसाचा असतो. ट्रॅक्टरमागं दोन-दोन ट्रॉल्या, त्यांवर उसाचे डोंगर, पाचटाचे तुकडे वाऱ्यावर गाडीच्या काचेवर येऊन आपटतात. कारखान्याचा गोडसर, जळकट वास गाडीच्या आतपर्यंत येतो. एरवी मला तो वास आवडतो. त्या दिवशी नको झाला.

तात्या बाहेरच्या खोलीत कॉटवर बसले होते. मी खुर्ची ओढली. बोलणं सुरू होईना, म्हणून मी इकडंतिकडं बघत राहिलो. कॉटखाली एक घमेलं होतं. त्यात साली होत्या. केळीच्या, संत्र्याच्या, उकडलेल्या रताळ्याच्या. शेजारी एक फोडलेलं शहाळं.

"शहाळं कुणी फोडलं?" मी सहज विचारलं.

"ह्यांच्यासमोर फोडावं लागतंय," आतून वैशाली म्हणाली. "आत फोडून पेल्यात ओतून आनलं तर हात लावत न्हाईत. नवीनच खूळ."

मी परत घमेल्याकडं बघितलं. प्रयोगशाळेत कधी कधी असं होतं: सगळे आकडे वेगवेगळे दिसतात आणि मग त्यांच्यातलं एक सारखेपण डोळ्यांत भरतं. केळं, संत्रं, रताळं, शहाळं. तात्या खात होते. पण ज्याला साल आहे तेवढंच खात होते. जे बंद आहे ते.

मी दत्ताला घेऊन गोठ्याकडं गेलो. "पेजेत काय घालताय?"

त्यानं आधी म्हशीकडं बघितलं, मग माझ्याकडं. "प्रोटीनची पावडर. आन झोपंची गोळी, अर्धी. डॉक्टरांनी सांगितल्याली हाय, मनानं न्हाय घालत."

"तात्यांना सांगितलं?"

"सांगितलं तर घेत न्हाईत. पावडर बघितली की म्हनत्यात, पेंड हाय का ही, म्हशीला घाला. मंग काय करू?"

"त्यांना कळलंय, दत्ता."

"कशावरनं?"

"जिभेवरनं. चाळीस वर्षं दूध घालतायत ते डेअरीला."

त्यानं बादली उचलली. मग म्हणाला, "दाजी, आईच्या टायमाला बी सगळ्यांनी असंच सांगितलं. तिच्या मनासारखं हू द्या, जबरदस्ती नको. आमी बघत बसलो. तिची दोन हाडं उरली हुती उचलताना." त्यानं पाण्याची बादली म्हशीपुढं ठेवली, पाणी सांडलं. "आता परत बघत बसू?"

मी सांडलेलं पाणी ओलांडून गाडीकडं वळलो. 

पुढच्या रविवारी मी सकाळीच ओव्हन लावला. दुसऱ्या दिवशी तपासणी होती. तात्यांना ती भाजी आवडली होती, मऊ होती, दुधा-लोण्याची होती, आणि मुख्य म्हणजे तिच्यात काय आहे ते मला ग्रॅममध्ये माहीत होतं. विचारलं तर सगळं सांगता येणार होतं. सुनंदा शेजारी भाज्या चिरत होती. मी सॉस ढवळत होतो, माझं लक्ष गुठळ्यांवर. ती म्हणाली, "फ्लॉवर त्यांना कडक लागेल. खाली भाजलेल्या वांग्याचा थर देऊ का? लोण्यासारखा लागतो." मी म्हटलं, दे. वांगं तिनंच गॅसवर भाजलं, सोललं, कुस्करलं, मीठ लावलं आणि भांड्याच्या तळाशी पसरलं. घरात खरपूस वास सुटला. वर भाज्या, वर सॉस, वर चीज. दोघांपैकी कुणाच्याही मनात काही आलं नाही. तीन दिवसांनी सट होती.

भांडं ओव्हनमधून काढून टॉवेलात, मग घोंगडीत गुंडाळलं. सुनंदानं ते मांडीवर घेतलं. रस्त्यात एक ट्रॉली कलंडली होती, ऊस सगळा आडवा पसरलेला, वाहनं दोन्ही बाजूंना अडकलेली. सुनंदा दर थोड्या वेळानं घोंगडीत हात घालून बघायची. "गरम आहे अजून." मग, "कोमट होतंय." मग नुसतं भांडं पोटाशी धरून बसली. मुलगी लहानपणी तापात असली की ती अशी बसायची.

वस्तीवर पोचलो तेव्हा सगळे आमची वाटच बघत होते. तात्यांना कॉटवर उशांना टेकवून बसवलं. ताटात दुधात कुस्करलेली भाकरी, बाजूला मी दोन चमचे भाजी वाढली. वरचा पापुद्रा नीट उचलून त्यांच्या बाजूला येईल असा ठेवला. वैशाली दाराशी उभी होती, दत्ता तात्यांच्या मागं.

तात्यांनी भाजीकडं बघितलं. ओळखली. डोळ्यांत काहीतरी हललं.

"खरवडीची."

"हो."

त्यांनी चमचा उचलला, भरला आणि हातातच धरला. "पाव्हणं, ह्यात काय काय हाय?"

मी याचीच वाट बघत होतो. "फ्लॉवर," मी म्हणालो. "गाजर. मटार. बटाटा. दूध अर्धा लिटर, लोणी, मैदा. वरती चीज आणि टोस्टचा चुरा. मिरपूड, थोडीच."

"आन?"

आणि. मी तोंड उघडलं, आणि त्याच क्षणी मला ते दिसलं. काचेच्या भांड्याच्या तळाशी, पांढऱ्याखाली, राखाडी-हिरवट थर. मी सुनंदाकडं बघितलं. तिलाही त्याच क्षणी आठवलं असावं. तिचा हात तोंडावर गेला होता. तिच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी आधी कधी बघितलं नव्हतं. बापाच्या घरातली एक गोष्ट आपल्यातून कधी निघून गेली हे तिला त्या क्षणी कळत होतं.

तात्यांच्या मागून दत्तानं माझ्याकडं बघत मान हलवली. अगदी थोडी. डावीकडून उजवीकडं. नको.

चमचा तोंडापासून वीतभर होता. उद्या वजन होतं. तात्यांची नजर अधू, थर खाली, चीजनं आणि खरपूस पापुद्र्यानं वांग्याची चव झाकली गेलेली. कळलं असतं का? नसतं कळलं. हा हिशेब मी तिथं, तेवढ्या वेळात खरोखर केला, आणि तो दत्ताच्या बाजूनं येत होता.

"आणि वांगं," मी म्हणालो. "आणि मीठ."

तात्यांनी चमचा ताटात ठेवला. काचेला लागल्यासारखा आवाज झाला, ताट स्टीलचं असूनही.

"सट झाली का?"

"नाही. बुधवारी आहे."

"दाजी!" दत्ता एवढंच म्हणाला.

तात्यांनी ताट सरकवलं नाही. हे मी नंतर आठवून आठवून पक्कं केलं आहे. ते ताटाकडं बघत राहिले. "मला सांगा पाव्हणं. सांगितलं नसतं तर मला कळलं असतं?"

"बहुतेक नसतं कळलं."

"मंग का सांगितलं?"

"तुम्ही विचारलं म्हणून."

बाहेर कुठंतरी ट्रॅक्टरचं गाणं लांब लांब जात होतं. मग तात्या मागं न वळताच म्हणाले, "दत्ता, तुला बी इचारलं हुतं म्या. कसली पेज हाय म्हनून. तू म्हनलास, ज्वारीची."

"ज्वारीचीच हुती."

"निस्ती ज्वारीची?"

दत्तानं मान फिरवली.

"म्या जलमात कधी दुधात पानी घातलं न्हाय. आन माज्याच पेजंत भेसळ?"

तो शब्द मी दिवसातून दहा वेळा लिहितो. त्या खोलीत तो पहिल्यांदाच ऐकल्यासारखा वाटला.

"तुमी खाल्लं नसतं तात्या," दत्ताचा आवाज फाटला. "सांगितलं असतं तर तुमी खाल्लं नसतं!"

"नसतं खाल्लं. पर ते माजं न खानं हुतं की."

"आन मी काय बघत बसायचं? आईला बघत बसलो तसं?"

 तात्यांची मान खाली गेली. दत्ता भिंतीकडं तोंड करून उभा. सुनंदा केव्हाची उठून बाहेर ओट्यावर जाऊन बसली होती, तिची पाठ दारातून दिसत होती. मला वाटलं, संपलं. मी एका शब्दानं सगळं घालवलं. उद्या काटा काय दाखवेल ते मला दिसत होतं.

"सुनंदे," तात्यांनी हाक मारली. "आत ये."

ती आली नाही.

"आगं तू आता तिकडची. तुजं काय चुकलं न्हाय. त्यांच्यात चालतंय." मग माझ्याकडं वळून, "ही भाजी तुमी दोघांनी खावा. दत्ता, तू न्हाय. आन मला दुसरी करा. बिनवांग्याची. हितं, माज्यासमोर."

"तात्या, हितं कुठला ओव्हन?" वैशाली दारातून म्हणाली.

"रोडगं कशात भाजत हुतो आपुन? इस्तू, निखारं हायती न्हवं घरात?"

आता मी ती दुपार आठवतो तेव्हा मला आधी धूर आठवतो. अंगणात तीन दगडांची चूल. तात्यांची कॉट उचलून बाहेर आणलेली, ते उशीला टेकून पहारेकऱ्यासारखे बसलेले. दत्तानं वाफ्यातून फ्लॉवरचा गड्डा आणला, मोठ्यानं म्हणाला, "ह्यो फ्लॉवर," आणि बापाला दाखवला. सुरुवातीला त्या आवाजात राग होता. घरात मटार नव्हते, पावट्याचे दाणे होते. मैदा नव्हता. वैशालीनं ज्वारीच्या पिठाचा डबा उघडून तात्यांच्या नाकाशी नेला. "घ्या, वास घ्या मामंजी. निस्ती ज्वारी. पावडर न्हाय का गोळी न्हाय."

तात्यांनी खरोखर वास घेतला. "दळून लई दिस झाल्यात."

"आता पिठात बी खोड काढत्यात! आज बरं हाय म्हनायचं ह्यांना."

पहिल्यांदा कुणीतरी हसलं. सुनंदा होती ती. पदरानं नाक पुसत ती चुलीपाशी येऊन बसली आणि पावटे सोलायला लागली.

मी तुपात ज्वारीचं पीठ भाजलं, दूध घातलं, ढवळत राहिलो. काटा नव्हता. अंशांचं बटण नव्हतं. दूध तांब्यानं मोजलं, मीठ चिमटीनं. चीजऐवजी वर सकाळची जाड साय पसरली. पातेल्यावर परात, परातीत निखारे, खालीही निखारे. आणि मग काहीच दिसेना. माझी सगळी सवय काचेतून बघायची. इथं काळं पातेलं, वर लालभडक परात, आणि आत काय चाललंय याचा पत्ता नाही. मी दर थोड्या वेळानं उठायचो.

"बसा हो पाव्हणं," तात्या म्हणायचे. "उघडलं की वाफ जाती."

"करपलं तर?"

"वास सांगंल."

आम्ही सगळे वासाची वाट बघत बसलो. दत्ता बापाच्या कॉटच्या पायथ्याशी, जमिनीवर. त्याची पाठ बापाकडं. निखाऱ्यांवर राख चढत होती. आधी दुधाचा वास आला, मग तुपाचा, मग बराच वेळ काही नाही. आणि मग एकदम तो आला, गोड आणि जरासा जळका, कडेला लागलेल्या दुधाचा.

"काडा," तात्या म्हणाले, आणि त्याच श्वासात दत्ताही म्हणाला.

एका बाजूला भाजी काळी पडली होती. दुसऱ्या बाजूला फिकट. मधे मात्र तपकिरी, फुगलेली, सायीचे बुडबुडे फुटून जाळी झालेली. माझ्या ओव्हनच्या हिशेबात हा नमुना नापास. मी दोन चमचे ताटात वाढले, दूध-भाकरीच्या बाजूला. तात्यांनी चमचा भरला, धरला.

"सांगा."

"तुमच्यासमोर तर केली."

"तरी सांगा."

मी सांगायला लागलो. फ्लॉवर. गाजर. पावटा. बटाटा. ज्वारीचं पीठ, तूप, दूध, साय. मिरपूड. "आणि मीठ."

मग त्यांनी तोंड उघडलं.

सगळ्यांनी दुसरीकडं बघितलं. माणूस जेवत असताना त्याच्या तोंडाकडं बघू नये हे कुणालाच आधी सुचलं नव्हतं. मी चुलीकडं बघत होतो, पण कान तिकडंच. चमच्याचा आवाज. थांबला. परत चमच्याचा आवाज. ताटात चमचा ओला वाजायला लागला तेव्हा मला कळलं की ते भाकरीही खातायत. भाजी संपल्यावर म्हणाले, "ते पातेलं द्या हिकडं," आणि काळ्या बाजूची खरवड काढायला लागले. मग मधेच थांबून चमचा मागं केला, दत्ताच्या दिशेनं. दत्तानं तो घेतला नाही, बोटानंच खरवड उचलली आणि तोंडात घातली. "करपल्याली हाय," तो म्हणाला. "त्योच भाग चांगला असतोय," तात्या म्हणाले.

वांग्याची भाजी सुनंदानं आणि मी गाडीत, रस्त्याच्या कडेला थांबून खाल्ली. थंड झाली होती. चांगली होती.

दुसऱ्या दिवशीच्या तपासणीत वजन आदल्या वेळेपेक्षा उतरलेलंच होतं. एका जेवणानं काटा हलत नाही. पण डॉक्टरांनी विचारल्यावर तात्यांनी स्वतः सांगितलं, काल काय खाल्लं आणि आज सकाळी काय. पावडरीचा डबा दत्तानं टेबलावर ठेवला, तात्यांनी तो उचलून डॉक्टरांना वाचायला लावला आणि म्हणाले, "घीन. पर दुधातनं, माज्या हातानं." नळी पुढं ढकलली गेली. मग आणखी पुढं. मग त्या विषयावर कुणी बोलेनासं झालं. बुधवारी सटीला त्यांनी कॉटवर बसूनच खंडोबाची तळी उचलली, भरीत खाल्लं, आणि मला निरोप पाठवला की आता वांग्याची करून आणली तरी चालेल.

त्यानंतर दर मार्गशीर्षात मी ती भाजी दोनदा करतो. सटीआधी बिनवांग्याची, सटीनंतर वांग्याची. ओव्हनमध्येच करतो, निखाऱ्यांचं धाडस परत केलं नाही. सुनंदा आता आषाढापासून वांगं खात नाही. का, ते मी विचारलं नाही. ती खात नाही म्हणून मीही घरात आणत नाही, बस.

गेल्या रविवारी आम्ही वस्तीवर गेलो. रस्त्यावर त्याच ट्रॉल्या, तोच वास. तात्या आता बरंच विसरतात. मला कधी दत्ता म्हणतात, कधी त्यांच्या मेलेल्या भावाचं नाव घेतात. सट झाली की व्हायची आहे हे त्यांना सांगता येत नाही. सकाळी वैशालीला दोनदा विचारून झालं होतं आणि दोन्हीदा उत्तर विसरून झालं होतं. आता त्यांच्या ताटात काहीही वाढलं तरी त्यांना कळणार नाही. हे आम्हा सगळ्यांना माहीत आहे. दत्ता आता गोळ्या त्यांच्यासमोर मांडतो, एकेकीचं नाव सांगतो, आणि ते ऐकून न ऐकल्यासारखं करून गिळतात.

मी भाजी वाढली. पापुद्रा त्यांच्या बाजूला केला. त्यांनी चमचा भरला आणि उचलला. काही विचारलं नाही.

मी दत्ताकडं बघितलं. या वेळीही त्यानं माझ्याकडं बघितलं, आणि मान हलवली. वरून खाली.

"तात्या," मी म्हणालो, "ह्यात फ्लॉवर आहे. गाजर. मटार. बटाटा. दूध, लोणी, मैदा. चीज, टोस्टचा चुरा. मिरपूड. वांगं नाही, सट व्हायची आहे अजून."

चमचा हवेत होता. पापुद्र्याचा एक तुकडा खाली पडला. पण ते थांबले होते, मान थोडी माझ्याकडं कललेली, लांबून येणारी हाक ऐकावी तशी.

"आणि मीठ," मी म्हणालो.

तेव्हा त्यांनी तोंड उघडलं.